भिंतीपलीकडचा खट्टा

तांदूळ एकाच ट्रकमधून उतरायचा. मुगाची डाळ, हळद, तिखट, मोहरी, तेल, सगळं एकाच दिवशी, एकाच हमालाच्या पाठीवरून. अर्धं आमच्या खोलीत, अर्धं भिंतीपलीकडं. आणि तरी भिंतीपलीकडची पोरं ताटल्या बोटानं पुसून खायची, अन् माझी पोरं अर्धी खिचडी कुत्र्यांना घालायची. आमच्या शाळेची कुत्री इतकी तुकतुकीत झाली होती की गावातले लोक विचारायचे, बाई, यांना काय खाऊ घालता? मी काय सांगणार, कप्पाळ!

शाळा करमाडच्या अलीकडच्या एका गावात होती. एकाच कंपाउंडात दोन शाळा, एक आमची मराठी आणि एक उर्दू. मध्ये कमरेएवढी भिंत, आणि त्या भिंतीला पोरांनी ये-जा करून करून पाडलेलं एक भगदाड. मी मराठी शाळेची मुख्याध्यापिका. शहरातून, म्हणजे तेव्हा आम्ही औरंगाबादच म्हणायचो, रोज काळीपिवळी जीपमध्ये कोंबून घेऊन जायची. उर्दू शाळेच्या मुख्याध्यापिकेला सगळं गाव आपा म्हणायचं, म्हणून मीही आपाच म्हणायची. ती गावातच राहायची. शाळेत शिजवलेली खिचडी द्यायची पद्धत तेव्हा नुकती सुरू झाली होती, आणि शिकवणं एकीकडं ठेवून आम्ही सगळेच डाळ-तांदळाच्या मागं लागलो होतो.

आपाचा हेवा करावा असं काय होतं? सगळंच होतं. ती कधी ओरडायची नाही, हे पहिलं. मी प्रार्थनेपासून ओरडायला लागायची ती दुपारपर्यंत माझा घसा बसलेला असायचा. ती नुसती दारात येऊन उभी राहिली की पोरं गप्प. बरं, भिऊन नव्हे. भिऊन गप्प बसली असती तर मला एवढं लागलं नसतं. तिच्या ओढणीचं टोक धरून पोरं मागं मागं हिंडायची. माझीसुद्धा! माझी पोरं भिंतीवरून "सलाम आपा!" असं ओरडायची आणि मी आले की मान खाली घालून पाटी चाटायला लागायची. शिकवायची त्यांना मी, गणवेशासाठी भांडायची मी, आणि सलाम आपाला.

जेवणाच्या सुट्टीत तर बघवायचं नाही. त्यांच्या बाजूला मोठा कडुनिंब होता. त्याच्या सावलीत ती लांबलचक पिवळं दस्तरखान अंथरायची. मोठ्या पोरी तांब्यानं सगळ्यांच्या हातावर पाणी घालायच्या. मग दोन्ही बाजूंनी पोरं समोरासमोर बसायची, हसायची, एकमेकांच्या ताटलीत डोकवायची, आणि जेवायची. आमच्या बाजूला झाड नव्हतं. व्हरांडा हातभर रुंद. पोरं मैदानात उन्हात बसायची, चैत्र लागला की स्टीलची ताटली मांडीला चटके द्यायची. जालना रोडकडनं वारा सुटला की खिचडीवर धुळीचा थर. पावसात तर दप्तरांच्या गर्दीत वर्गातच, कुणाची खिचडी कुणाच्या पुस्तकावर.

अशात आमच्या केंद्रातल्या शाळांच्या बैठकीत कळलं की आमच्या कंपाउंडाला जेवणासाठी पत्र्याची शेड मंजूर झालीय. पण एकच. कंपाउंड एक म्हणून शेड एक. विस्तार अधिकारी साहेब स्वतः दुपारच्या सुट्टीत येऊन बघणार, आणि कोणत्या बाजूला उभी करायची ते जागेवरच ठरवणार. मी तिथंच मनाशी म्हटलं, ही शेड माझ्या पोरांची. शेजारच्या खुर्चीवर आपा बसली होती. तिनं माझ्याकडं बघून हसत मान हलवली, छान झालं अशा अर्थी. मला ते हसू अजिबात आवडलं नाही.

घरी येऊन नवऱ्याला सांगितलं. तो बँकेत होता, शांत माणूस, माझी शाळा रोज संध्याकाळी चहाबरोबर त्याला ऐकावी लागायची. तो म्हणाला, "अगं, मग तिच्या बाजूला झाली तरी तुझी पोरं जाऊन बसतील की." मी म्हटलं, "तुम्हाला काही कळत नाही." माझ्या पोरांनी पाहुण्यासारखं तिच्या छपराखाली जाऊन बसायचं, आणि तिनं ये बेटा, बैठ बेटा करायचं! मला ते चालणार नव्हतं.

दुसऱ्या दिवसापासून मी कंबर कसली. तांदळाची रिकामी पोती उसवली, धुतली आणि त्यांची बसकरं शिवली. चुन्याच्या फक्कीनं मैदानात सरळ रेघा मारल्या. हात धुवायला बादल्या, वाढायला पाळीपाळीनं चौथीची पोरं, जेवताना बोलायचं नाही, हसायचं नाही. पोरं कवायतीला बसावीत तशी ओळीत बसली. मी व्हरांड्यात उभी राहून बघितलं आणि मला फार समाधान वाटलं. आता ये म्हणावं, साहेबाला.

ते समाधान नवऱ्यानं संध्याकाळीच घालवलं. मी कौतुकानं कागदावर रेघा काढून दाखवल्या, तर तो म्हणाला, "म्हणजे प्रत्येक पोराला पुढच्याची पाठच दिसते?"

"मग?"

"पंगतीत कुणी पाठमोरं बसतं का गं?"

मला इतका राग आला! कारण खरंच होतं. मास्तरीण पडले ना, ओळ म्हटली की फळ्याकडं तोंड. सणावाराला घरी इतक्या पंगती उठवल्या, पण शाळेच्या आवारात पाऊल टाकलं की माझं डोकंच तसं चालायचं. सकाळी जाऊन गुपचूप रेघा पुसल्या आणि समोरासमोरच्या मारल्या. आपानं भिंतीवरून बघितलं. काही बोलली नाही. बोलली असती तर बरं झालं असतं, मला भांडता आलं असतं.

एवढं करूनही खिचडी उरायचीच. स्वयंपाकीण बाईला म्हटलं, कोथिंबीर घाल, शेंगदाणे घाल, वरून फोडणी दे. तिनं सगळं केलं. पोरं चार घास खायची आणि मग इकडंतिकडं बघत बसायची. मग एक दिवस लक्षात आलं की अर्धी बसकरं रिकामी आहेत. बघते तर काय, भिंतीच्या भगदाडातून माझी पोरं ताटल्या घेऊन एकेक करून पलीकडं चाललेली. दुसरीतली एक बारकीशी पोरगी, दोन शेपट्यांची, परत येताना मी बरोबर पकडली.

"कुठं गेली होतीस गं?"

"खट्टा आणायला, बाई."

तिच्या ताटलीत खिचडीवर खट्टा होता. चिंचेच्या कोळात भाजलेल्या तिळाचा आणि शेंगदाण्याचा कूट, कच्चा कांदा, वरून लसूण-जिऱ्याची, लाल मिरचीची फोडणी. पिवळी खिचडी आणि भोवती ते तपकिरी आंबट पाणी. वास असा की माझ्याच तोंडाला पाणी सुटलं. मला खट्टा ठाऊक नव्हता असं नाही. शहरात आमच्या गल्लीच्या तोंडाशीच हॉटेल होतं, रविवारी सकाळी नवरा तिथनं डब्यातून खिचडी-खट्टा आणायचा आणि आम्ही चाटूनपुसून खायचो. पण रोजच्या सरकारी खिचडीबरोबर तो करावा, हे माझ्या डोक्यात आलं नाही आणि तिच्या आलं. आपा घरच्या चिंचा आणि तीळ आणून देत होती म्हणे. माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झाला.

मी भगदाडासमोर बाक आडवा लावला. आपापल्या शाळेत जेवायचं, म्हटलं. पोरं बसली. जेवली नाहीत. ती दोन शेपट्यांची तर माझ्याकडं अशी बघत बसली, जशी काही मी तिच्या आईला घराबाहेर काढलं होतं.

मग मी ठरवलं, खट्टाच करायचा ना, मी करते. मला काय येत नाही? घरून तीळ भाजून, कुटून नेले, चिंच नेली, कांदा नेला. स्वयंपाकीण बाईला बाजूला केलं आणि स्वतः पदर खोचून उभी राहिले. फोडणी झकास बसली. चिंचेचा कोळ ओतला, कूट घातला, उकळी आली, आणि माझा हात आपोआप डब्यात गेला आणि गुळाचा खडा भांड्यात पडला. विचारच केला नाही हो! चिंच पडली की गूळ पडायचाच, आमच्या घरी आमटीला दुसरी रीतच नाही. आईचा हात तसा, सासूचा हात तसा, माझा वेगळा कुठून असणार? वर आणखी गोडा मसालाही टाकला, चमचाभर.

वाढलं. पोरांनी तोंडात घातलं. एकमेकांकडं बघायला लागली. शेवटी ती दोन शेपट्यांची म्हणाली, "बाई, खट्टा कधी येणार?"

"अगं, हाच आहे की!"

तिनं ताटलीत बघितलं, माझ्याकडं बघितलं, आणि फार समजूतदारपणे म्हणाली, "ही आमटी व्हय, बाई. चांगली झालीय."

पोरं हसली. भिंतीपलीकडून पण कुणीतरी हसलं. मी ते भांडं व्हरांड्यात नेऊन आपटलं. दुसऱ्या दिवशी बाक आपोआप भगदाडासमोरून बाजूला झाला, म्हणजे मीच केला, पण कुणाला दिसणार नाही असा. पोरं पुन्हा ताटल्या घेऊन पलीकडं जायला लागली आणि ताटल्या पुन्हा स्वच्छ व्हायला लागल्या. मी त्या वेळी पाठ करून उभी राहायची. माझी पोरं पोटभर जेवत होती आणि मला ते बघवत नव्हतं, काय म्हणावं याला!

साहेबांची तारीख कळली तेव्हा रमजान चालू होता. आणि मला इतका आनंद झाला की मी काळीपिवळीत बसल्या बसल्या एकटीच हसले. रमजानात उर्दू शाळा सकाळची भरायची आणि जेवणाच्या वेळेआधीच सुटायची. त्यांची चूल बंद, दस्तरखान घडी करून कपाटात. साहेब येतील तेव्हा त्या बाजूला बघायला काही नसणार. माझ्या बाजूला मात्र उन्हात बसलेली पोरं, समोरासमोरच्या पंगती, बसकरं, बादल्या. शेड दुसरीकडं जाईलच कशी?

पण चूल बंद म्हणजे खट्टाही बंद, हे मी विसरले होते. रमजान लागला तशी माझ्या पोरांची खिचडी पुन्हा उरायला लागली. कुत्री पुन्हा वेळेवर येऊन बसायला लागली. साहेबांनी नेमकं तेच बघितलं असतं, पोरं जेवतच नाहीत, अन्न वाया जातंय, यांना शेड कशाला हवी? मी स्वयंपाकीण बाईवर तडकले, पोरांवर तडकले, जो आज ताटलीत शीत ठेवील त्याला बघून घेईन म्हटलं. पण भूक काय धमकीनं लागते? आपाकडं जाऊन सांगावं, त्या एका दिवसापुरता खट्टा करून दे, असं एकदा मनात आलं. मेले असते तरी सांगितलं नसतं.

साहेब यायचे त्या दिवशी खिचडी चुलीवर होती आणि मी बसकरं झटकत होते, तेवढ्यात भिंतीपलीकडं धूर दिसला. त्यांची पोरं केव्हाच घरी गेली होती. रोजे चालू असताना हिनं चूल कशाला पेटवली? साहेबासाठी काहीतरी घाट घातलाय हिनं, दुसरं काय! मी तरातरा भिंतीपाशी गेले.

आपा एकटीच चुलीपाशी होती. ओढणीनं कपाळ पुसत होती. ओठ सुकलेले. पातेल्यात खट्टा उकळत होता.

मला बघून म्हणाली, "अच्छा हुआ तुम आए, बाई. मी बोलवणारच होते. तुमची ती दोन चोटीवाली रोज येऊन चुल्हा बघून जाते, आज साहेब येणार, पोरं उपाशी कायको बसवायची? म्हणून केला. पण माझा रोजा आहे, चाखता येत नाही. जरा नमक देखो ना."

आणि तिनं पळीभर खट्टा वाटीत घालून भिंतीवरून माझ्या हातात दिला.

मी चाखला. आंबट बरोबर, तिखट बरोबर, तीळ सुरेख. मिठाचा पत्ता नव्हता. विसरलीच होती, की न चाखता घालायची भीती वाटली होती कोण जाणे. ती माझ्या तोंडाकडं बघत उभी होती. आणि मला, देवाशपथ सांगते, पहिल्यांदा बरं वाटलं. चला, हिचंही काहीतरी चुकतं! मग लगेच आठवलं की हा खट्टा माझ्याच पोरांच्या ताटलीत पडणार आहे, साहेबांच्या देखत.

"मीठ नाही," मी म्हणाले. "अजिबात नाही."

"हाय अल्ला! घाला ना तुम्ही. तुमच्या अंदाजानं."

मी भगदाडातून पलीकडं गेले, मीठ घातलं, ढवळलं, पुन्हा चाखलं, आणखी चिमूटभर घातलं. ती बाजूला उभी राहून विस्तव मागं ओढत होती. मग दोघींनी कडं धरून ते पातेलं माझ्या बाजूला आणलं.

साहेब आले तेव्हा पंगत बसली होती. पोरांनी अशी खिचडी खाल्ली, अशी खाल्ली, की स्वयंपाकीण बाईला पातेलं खरवडावं लागलं. साहेबांनीही ताटली घेतली, खट्टा दोनदा घेतला. "वा! सरकारी खिचडी अशी लागते हे मला माहीत नव्हतं," म्हणाले. मी बोलायला तोंड उघडणार, तोच पोरं ओरडली, "आपानं केलाय! आपाचा खट्टा!" मीठ माझं होतं. ते कुणाला सांगणार?

साहेबांनी बसकरं बघितली, बादल्या बघितल्या, डोक्यावरचं ऊन बघितलं. मान डोलवली. मला वाटलं, झालं काम. पण त्यांना काय हुक्की आली देव जाणे, पोरांकडं वळून म्हणाले, "बोला रे, तुम्हाला जेवायला शेड बांधायची आहे. कुठं बांधू? इकडं का तिकडं?"

"आपाकडं!"

सगळ्यांत आधी दोन शेपट्यांची, आणि मग सगळी. एकसुरात. पाढे म्हणताना कधी एवढा आवाज निघाला नव्हता. हात भिंतीकडं केलेले, बोटांना खिचडी लागलेली. एकही पोर माझ्या बाजूचं बोललं नाही, ज्याचं नाक मी पुसलं होतं तेही नाही. मला वाटलं, आत्ता जमीन फाटावी. साहेब हसायला लागले.

आपा हसली नाही. ती पुढं आली आणि म्हणाली, "साहेब, पोरांचं काय ऐकता? खट्टा जिधर, पोरं उधर. शेड इथंच बांधा, बाईंच्या बाजूला. आमच्याकडं कडुनिंबाची सावली आहे, यांची पोरं उन्हात बसतात. पावसाळ्यात माझी इकडं येतील. भिंतीला रस्ता तर आहेच."

"बाई, तुमची काही हरकत?" साहेबांनी मला विचारलं.

हरकत! मी नाही म्हणून मान हलवली. आपा माझ्याकडं बघत होती, आणि तिच्या चेहऱ्यावर उपकार केल्याची एक रेघसुद्धा नव्हती. ती असती तर मी तेवढ्यावर तरी रागावून घेतलं असतं. मग ती रिकामं पातेलं उचलून, उन्हातून, रोज्याच्या तोंडानं आपल्या बाजूला निघून गेली, आणि पोरं हात धुवायचे सोडून तिच्यामागं भिंतीपर्यंत पळाली.

संध्याकाळी नवऱ्यानं चहाचा कप हातात घेत विचारलं, "काय झालं? कुणाच्या बाजूला?"

"आपल्या."

"अरे वा! मिळाली म्हण की! मग तोंड असं का केलंयस?"

मी म्हटलं, "मिळाली नाही हो. तिनं दिली."